जुना अंक मागताना वर्ष कोणतं सांगाल?

ग्रंथालयात जुन्या मासिकातला लेख हवा असेल तर नुसतं लेखकाचं नाव पुरत नाही. जुने अंक बहुधा वर्षवार बांधून ठेवलेले असतात. म्हणून मासिकाचं नाव, वर्ष आणि महिना चिठ्ठीवर लिहून न्या. अनेक जुन्या अंकांवर शक छापलेला असतो. शकात 78 मिळवले की इसवी सन येतो, पण 1 जानेवारीपासून फाल्गुनाअखेरपर्यंत 79 मिळवा. इथेच सगळ्यात जास्त शोधाशोध होते.

दिवाळी अंकांची चौकशी वेगळी करा. ‘मनोरंजन’ने 1909 साली पहिला दिवाळी अंक काढला, तेव्हापासूनचा हा खजिना काही ठिकाणी निराळ्या कपाटात असतो. ठिसूळ पानं झेरॉक्सच्या काचेवर दाबू नका, कृपया. परवानगी घेऊन मोबाइलने फोटो काढा, मुखपृष्ठासकट.