फोनवर पीएसपी: खेळायला बसण्याआधी सेव्हची जागा पक्की करा

फोनवर पीएसपीचा, म्हणजे सोनीच्या हातात धरून खेळायच्या जुन्या कन्सोलचा, गेम अडकला, स्क्रीन काळी पडली, आवाज फाटायला लागला, की एक सल्ला हमखास मिळतो: ‘ॲप काढून परत टाक.’ हाच सल्ला मी एकदा माझ्या मावसभावाला दिला होता. त्याने माझ्यासमोर ॲप काढलं, परत टाकलं, गेम उघडला आणि ‘लोड’ दाबलं, तर यादी रिकामी. तीन महिने रोज डोंबिवली ते दादर लोकलमध्ये जाता-येता खेळलेला गेम होता तो. फाइल परत मिळवायचे जमतील तेवढे उपाय केले, एकही लागू पडला नाही. त्यानंतर घरातल्या आणि ऑफिसातल्या बऱ्याच जणांना फोनवर पीएसपी बसवून दिला, आणि प्रत्येक वेळी माझा सगळ्यात जास्त वेळ एकाच पायरीवर जातो: सेव्ह कुठे जाणार हे ठरवणं. बहुतेक व्हिडिओंत नेमकी तीच पायरी पाच सेकंदांत उरकलेली असते.

खालचं सगळं अँड्रॉइड फोन आणि पीपीएसएसपीपी हा इम्युलेटर, म्हणजे फोनला पीएसपीसारखं वागायला लावणारं ॲप, धरून लिहिलंय. सोनीचा पीएसपी डिसेंबर २००४ मध्ये जपानात आला. हेन्रिक रिडगॉर्ड यांनी पीपीएसएसपीपी नोव्हेंबर २०१२ मध्ये लोकांसमोर आणला, तेव्हापासून त्यावर काम चालूच आहे. तो फुकट आहे आणि त्याचा कोड सगळ्यांना खुला आहे. पीएसपीसाठी याहून वेगळं काही शोधत बसू नका.

१. ॲप

प्ले स्टोअरवरून किंवा पीपीएसएसपीपीच्या स्वतःच्या साइटवरून घ्या, तिसरीकडून नको. ‘गोल्ड’ या आवृत्तीला पैसे पडतात. त्यात जास्तीची सोय काही नाही, पैसे बनवणाऱ्यांच्या कामाला लागतात. परवडत असेल तर जरूर द्या. बायॉसची, म्हणजे कन्सोलच्या आतल्या मूळ सिस्टीमची, फाइल लागत नाही. पीएसपीच्या आतल्या सिस्टीमचं काम हा इम्युलेटर स्वतःच करतो, त्यामुळे ‘आधी बायॉस डाउनलोड करा’ असं कुणी सांगत असेल तर तो माणूस दुसऱ्याच कन्सोलबद्दल बोलतोय किंवा तुमच्या फोनमध्ये भलतंच काही घालतोय.

आयफोनवर हे ॲप मे २०२४ पासून ॲप स्टोअरमध्ये मिळतं. तिथे ॲपलच्या नियमांमुळे ते थोडं हळू चालतं, तरी बरेच गेम व्यवस्थित खेळता येतात.

२. गेम

‘हायली कंप्रेस्ड, फक्त ५० एमबी’ असं लिहिलेल्या लिंकच्या नादी लागू नका. यूएमडी म्हणजे पीएसपीची ती छोटी डिस्क, तिच्यात १.८ जीबीपर्यंत माल मावतो. आयएसओ फाइल म्हणजे डिस्कची पूर्ण प्रत, तिची सीएसओ किंवा सीएचडी ही दाबून लहान केलेली फाइल बनवली की जागा वाचते हे खरं, पण जीबीभराचा गेम ५० एमबीत कुठल्याच मार्गाने बसत नाही. मोबाइलच्या दुकानात ‘कार्डात गेम भरून देतो’ म्हणतात, तेही टाळा. इम्युलेटर हा प्रकार मुळात बेकायदा नाही. २००० साली सोनी विरुद्ध कनेक्टिक्स खटल्यात अमेरिकेच्या अपील कोर्टाने इम्युलेटर बनवणाऱ्यांच्या बाजूने निकाल दिला होता. गेम मात्र कुणाच्या तरी मालकीचा असतो, म्हणून मी फक्त माझ्याकडच्या डिस्क उतरवतो.

त्यासाठी चालू पीएसपी आणि त्यावर कस्टम फर्मवेअर (हौशी लोकांनी बदललेली सिस्टीम) लागतं. मुख्य मेनूवर असताना सिलेक्ट दाबा, जी यादी येते तिच्यात यूएसबी डिव्हाइससमोर मेमरी स्टिकऐवजी यूएमडी डिस्क निवडा, मग केबल लावून यूएसबी कनेक्शन चालू करा. कॉम्प्युटरवर डिस्कची आयएसओ फाइल दिसते, ती कॉपी करा. पीएसपी आधी पूर्ण चार्ज करा आणि अर्धा तास हाताशी ठेवा. डिस्क फिरतानाची ती खरखर सारखी ऐकू येत राहिली तर काम नीट चाललंय. ती मध्येच थांबून परत परत सुरू होत असेल तर डिस्कवर डाग आहे, मऊ सुती कापडाने पुसून पुन्हा करा. जुन्या यूएमडीची पारदर्शक खिडकी निसटते. ती बसवायला फेविक्विक वापरू नका, त्याच्या वाफेने प्लास्टिकवर पांढुरका थर धरतो.

डिस्क नसेल तर ॲपमध्येच होमब्रू स्टोअर आहे. हौशी लोकांनी पीएसपीसाठी बनवलेले गेम तिथे फुकट मिळतात, आणि सगळं नीट बसलंय का हे तपासायला ते उत्तम.

आयएसओ फोनमध्ये टाका. मेमरी कार्डात टाकली तरी चालेल.

३. फोल्डर, म्हणजेच तुमची मेमरी स्टिक

इथे घाई करू नका.

खऱ्या पीएसपीत सेव्ह मेमरी स्टिकवर जायचा. फोनमध्ये मेमरी स्टिक नाही, म्हणून इम्युलेटर पहिल्यांदा उघडल्यावर विचारतो की कुठला फोल्डर मेमरी स्टिक समजायचा. तुमच्यापुढे मुख्य मार्ग दोन. एक, तुम्ही स्वतः बनवलेला किंवा निवडलेला फोल्डर. दोन, ॲपची खासगी जागा. दुसऱ्या मार्गात काहीच निवडावं लागत नाही, एक बटण दाबलं की गेम सुरू. पण ती जागा ॲपच्या मालकीची असते. ॲप काढलं की अँड्रॉइड ती जागाही पुसून टाकतं, आणि त्यातला सेव्ह कुठल्याही ‘रिकव्हरी’ ॲपने परत येईल असं धरून चालू नये. ॲप तसा इशारा त्याच स्क्रीनवर देतं. मावसभावाच्या फोनवर मी तो वाचला नव्हता, चूक पूर्णपणे माझी.

आता हे लोक खासगी जागा निवडतात तरी का? आळशीपणाने नाही. अँड्रॉइड ११ पासून फोनच्या साठवणीचं मूळ पान किंवा डाउनलोड फोल्डर कुठल्याही ॲपला थेट देता येत नाही. नवखा माणूस पहिला मार्ग निवडतो, फोल्डरची खिडकी उघडते, ती बहुतेकदा डाउनलोडमध्ये किंवा मूळ पानावरच उघडलेली असते, आणि ‘हे फोल्डर वापरता येणार नाही’ अशा अर्थाचा संदेश येतो. दोन-तीनदा तेच झालं की त्याला वाटतं फोनमध्येच बिघाड आहे. तो मागे येतो आणि दुसरं बटण दाबतो. मीही तेव्हा नेमकं हेच केलं होतं.

त्यातून वाट अशी आहे. फोल्डरच्या खिडकीत वरच्या कोपऱ्यातल्या तीन आडव्या रेघांवर दाबा आणि तुमच्या फोनच्या नावावर जा. तिथे ‘नवीन फोल्डर’ घ्या, नाव द्या पीएसपी, इंग्रजी मोठ्या अक्षरांत. त्या नव्या फोल्डरच्या आत शिरा. आत शिरल्यावरच खाली फोल्डर वापरण्याचं बटण चालू होतं. ते दाबा, परवानगी द्या, झालं. आत शिरायचं राहून जातं म्हणून कित्येक जण इथे अडकलेले मी पाहिलेत.

मेमरी स्टिकचा फोल्डर कायम फोनच्या आतल्या साठवणीत ठेवा. गेमच्या आयएसओ कार्डात असल्या तर हरकत नाही, त्या गेल्या तर डिस्कवरून परत उतरवता येतात. सेव्ह परत उतरवायला डिस्क नसते. स्वस्तातली कार्डं अचानक दम तोडतात, आणि त्या दिवशी जे जाईल ते गेलंच.

आधीच खासगी जागेत खेळत असाल तर घाबरू नका, फक्त ॲपला हात लावू नका. सेटिंगमध्ये सिस्टीमखाली मेमरी स्टिकचा फोल्डर बदलायची सोय आहे. नवा फोल्डर दिला की जुना डेटा हलवायचा का असं ॲप विचारतं, होय म्हणा. हलवून झाल्यावर गेम उघडून सेव्ह लोड करून बघा. तोवर काहीही काढू नका.

आता तपासणी, आणि ही प्रत्येकाने करायचीच. कुठलाही गेम सुरू करा, गेमच्या आतल्या मेनूतून सेव्ह करा, ॲप बंद करा. फाइल मॅनेजरमधून त्या पीएसपी फोल्डरमध्ये जा. आत सेव्हडेटा नावाचा फोल्डर असेल आणि त्यात गेमच्या कोडने सुरू होणारा नवा फोल्डर. त्याची वेळ बघा. दोन मिनिटांपूर्वीची असेल तर तुमचा सेव्ह तुमच्या हातात आहे. नसेल तर पुढे एक मिनिटही खेळू नका, आधी हे निस्तरा.

दुसरा घोळ सेव्ह स्टेटचा. इम्युलेटरच्या मेनूतून जो सेव्ह होतो तो गेमचा सेव्ह नाही. त्या क्षणी यंत्राच्या मेमरीत जे होतं त्याची ती जशीच्या तशी प्रत. कठीण लढाईच्या तोंडावर घ्यायला फार उपयोगाची, पण इम्युलेटरची आवृत्ती बदलली की जुनी स्टेट उघडेलच असं नाही. शिवाय ती खऱ्या पीएसपीवर नेता येत नाही. मी सेव्ह स्टेट फक्त त्या दिवसापुरती मानतो. उठण्याआधी गेमच्या आतून सेव्ह करतो, मग ॲप बंद करतो. फक्त स्टेटवर महिनाभर खेळणारे लोक मला माहीत आहेत, आणि मी त्यांना प्रत्येक वेळी टोकतो.

गेमच्या आतल्या सेव्हची एक गोष्ट मला फार आवडते. खऱ्या पीएसपीच्या मेमरी स्टिकवरचा सेव्हडेटातला फोल्डर उचलून फोनवरच्या सेव्हडेटात टाकला की तो सहसा चालतो. अट एवढीच की गेमचा कोड तोच हवा. अमेरिकन प्रतीचा कोड सहसा यूएलयूएसने सुरू होतो, युरोपियनचा यूएलईएसने, आणि एकीचा सेव्ह दुसरीला दिसत नाही. कपाटातल्या जुन्या ४ जीबीच्या मेमरी स्टिकवरून मी असाच एक सेव्ह आणला. फोनवर यादी उघडली तेव्हा कॉलेजच्या दिवसांतली तारीख तशीच समोर आली, आणि खाली तेव्हा खेळलेले तास.

सेव्हडेटा फोल्डर सहसा लहान असतो. आठवड्यातून एकदा झिप करा आणि स्वतःलाच मेल करा किंवा पेन ड्राइव्हवर ठेवा. आयफोनवर तर हे चुकवूच नका. तिथे ॲप काढलं की त्याच्या आतला डेटाही जातो, म्हणून फाइल्समधून तो फोल्डर वेळोवेळी बाहेर कॉपी करून ठेवा.

४. सेटिंग

‘बेस्ट सेटिंग’च्या याद्या उतरवू नका. त्या दुसऱ्याच्या फोनसाठी आणि दुसऱ्याच गेमसाठी असतात. आधी काहीही न बदलता खेळून बघा.

मग गेम ज्या वेगाने चालतो त्याची टक्केवारी स्क्रीनवर चालू करा. बघायचं ते १०० टक्के आहे का एवढंच. पीएसपीचे बरेच गेम मुळातच सेकंदाला ३० फ्रेमवर बनवलेले आहेत. ‘३० च दिसतंय, फोन कमी पडतोय’ असं म्हणून लोक नीट चाललेला गेम बिघडवतात. वेग १०० असेल तर काही करायचं नाही.

पीएसपीची स्क्रीन ४८० बाय २७२ ची. रेंडरिंग रिझोल्यूशन दुप्पट केलं की ९६० बाय ५४४ होतं, आणि फोनच्या पडद्यावर तेवढं पुरे. वेग १०० च्या खाली आला तर पहिलं रिझोल्यूशन उतरवा. वल्कन आणि ओपनजीएल या चित्र काढायच्या दोन पद्धती, वल्कनवर चित्र फाटत असेल तर ओपनजीएल करून बघा. फ्रेम स्किपिंग बंदच ठेवा, आकडा सुधारतो पण हालचाल धक्क्याधक्क्याने होते. ‘स्किप बफर इफेक्ट्स’ कुणाच्याही सांगण्यावरून चालू करू नका. वेग वाढतो, पण कित्येक गेममध्ये सावल्या, धूर, कधी अख्खा पडदाच गायब होतो, आणि मग तो माणूस ‘गेमची फाइल खराब आहे’ म्हणून ॲप काढायला निघतो. काही बदलायचंच असेल तर यादीत गेमवर बोट दाबून धरा आणि त्या एका गेमपुरती वेगळी सेटिंग बनवा.

चार्जिंगला लावून खेळू नका. फोन तापला की प्रोसेसर वेग उतरवतो आणि वीस मिनिटांनी अडखळायला लागतो.

५. बटणं

स्क्रीनवरची बटणं सेटिंगमधून हवी तशी सरकवा. ब्लूटूथ कंट्रोलर असेल तर प्रश्नच नाही. जपानी प्रतींमध्ये होकाराला फुलीऐवजी गोल असतो, ते बटण चालेना म्हणून वैतागू नका.

६. नवा फोन घेताना

जुन्या फोनवरचा अख्खा पीएसपी फोल्डर कॉम्प्युटरवर घ्या, तिथून नव्या फोनच्या आतल्या साठवणीत टाका. हे आधी, ॲप नंतर. ॲप पहिल्यांदा उघडलं की तोच फोल्डर दाखवा. आत जुने सेव्ह आहेत हे ते ओळखतं. प्रत्येक गेमचा सेव्ह एकदा लोड करून बघा. जुना फोन रीसेट करायचा तो त्यानंतर, आणि विकायचा असेल तर आणखी आठवडाभर थांबून.