सरकारी कामाचं बिल अडकलंय? रिट टाकायच्या आधी हे बघा

बिल अडकलं आणि डिपार्टमेंट दाद देईना की आपले कॉन्ट्रॅक्टर लोक एकच म्हणतात, चला हायकोर्टात रिट (सरकारी कारभाराविरुद्धची थेट याचिका) टाकू. संविधानाच्या कलम २२६ खाली हायकोर्टाला पॉवर मोठी आहे हे खरंय, पण समोर सरकार आहे म्हणून प्रत्येक भांडण रिटचं होत नाही, आणि चुकीच्या दारात वर्षं गेली की हक्काचे पैसेही मुदतबाह्य होऊ शकतात.

आधी बघा वाद कुठल्या टप्प्यावर आहे. टेंडर द्यायच्या वेळचा असेल, म्हणजे तुम्हाला कारण न देता बाद केलं किंवा एकासाठी अट सैल केली, तर संविधानाचं कलम १४ (समानतेचा हक्क) येतं आणि रिट चालते. १९७९ चा रमणा शेट्टी निकाल मुंबई विमानतळावरच्या रेस्टॉरंट आणि स्नॅक बारच्या टेंडरचाच. अनुभवाची अट घातली आणि ती पूर्ण न करणाऱ्यालाच काम दिलं. सुप्रीम कोर्ट म्हणालं की स्वतः घातलेली अट अशी मोडता येणार नाही. पण शेट्टींच्या हातात काहीच आलं नाही, कारण ते पाच महिन्यांहून जास्त उशिरा कोर्टात आले आणि तोवर काम मिळालेल्याने सामानावर खर्च करून टाकला होता. म्हणून टेंडरची तक्रार असेल तर निवेदनं देत बसू नका, लगेच जा.

लगेच गेलात तरी "माझा रेट कमी होता" एवढ्यावर भागत नाही. निर्णय कसा घेतला हे कोर्ट बघतं, अपिलासारखं चूक-बरोबर तपासत नाही (टाटा सेल्युलर निकाल, १९९४). रस्ता-पुलाचं काम असेल तर स्टेची आशा फार धरू नका, २०२२ च्या एन. जी. प्रोजेक्ट्स निकालाचा रोख स्पष्ट आहे की काम थांबवू नका, अन्याय झालाच असेल तर नुकसानभरपाई मागू द्या.

वर्क ऑर्डरनंतरचं गणित वेगळं. मोजमाप, क्वालिटी, एक्स्ट्रा आयटम, उशीर कुणामुळे झाला, दंड किती, हे सगळं साक्षीपुराव्याचं काम आहे, एमबीतल्या (मोजमाप पुस्तकातल्या) नोंदीवरून उलटतपासणी घ्यावी लागते आणि रिटमध्ये ती सहसा होत नाही. केरळ वीज मंडळाच्या केसमध्ये (२०००) कोर्टाने सरळ सांगितलं की कराराच्या अटीचा अर्थ लावायचा वाद रिटमध्ये आणू नका.

दार पूर्ण बंद आहे असंही नाही. एबीएल इंटरनॅशनल निकाल (२००४) म्हणतो की करार आहे किंवा वस्तुस्थितीवर वाद आहे एवढ्यानेच रिट बाद होत नाही. म्हणून फाइल चाळा. कार्यकारी अभियंत्याने रक्कम मान्य केल्याचं पत्र आहे का, नकाराचं कारण फक्त "निधी नाही" एवढंच आहे का? मग केसमध्ये दम आहे. काळ्या यादीत टाकलं असेल तरी रिट चालते, आणि नोटिशीत ते टाकणार असल्याचं कळतच नसेल तर गोरखा सिक्युरिटी निकाल (२०१४) दाखवा.

बाकी पैशासाठी आधी करारातला लवादाचा (कोर्टाऐवजी नेमलेल्या पंचाकडून निवाडा) क्लॉज वाचा. नुसतं "अधीक्षक अभियंत्याचा निर्णय अंतिम" असेल तर तो लवाद आहे की नाही यावरच भांडण होतं, ते वकिलाला दाखवा. लवाद नसेल तर दावा, पण सरकारवर दावा म्हणजे साधारणपणे आधी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० ची दोन महिन्यांची नोटीस, कमर्शियल केस असेल आणि तातडीचा स्टे मागायचा नसेल तर मध्यस्थीही सक्तीची. मुदत साधारण ३ वर्षं, आणि रिट पेंडिंग आहे म्हणून ती आपोआप थांबत नाही. मुदत कायद्याच्या कलम १४ खाली चुकीच्या कोर्टात प्रामाणिकपणे गेलेला काळ वगळून मागता येतो, पण ते सिद्ध तुम्हालाच करावं लागतं. म्हणून रिट मागे घ्यायची वेळ आली तर "दुसरीकडे दाद मागण्याची मुभा" हे ऑर्डरमध्ये लिहून घ्या आणि मुदत कायद्याच्या कलम १४ चा मुद्दाही त्याच वेळी नोंदवून घ्यायला वकिलाला सांगा.