स्लो कुकरमधलं चिकन आणि दाट रस्सा

स्लो कुकर म्हणजे विजेवर तासन् तास मंद शिजवणारं भांडं. त्यात चिकन मऊ होतंच. फसतो तो रस्सा. झाकण काढलं की वर तेलाचा तवंग, खाली पिवळसर पाणी आणि कच्च्या कांद्याचा वास, असं नव्या भांड्यातल्या पहिल्या चिकनचं हमखास होतं. हे भांडं शिजवतं, पण भाजत नाही आणि आटवतही नाही. आतलं तापमान फार तर उकळीच्या जवळ जातं, आणि झाकणाला लागलेली वाफ थेंबाथेंबाने परत रश्श्यात पडते. कांद्याला तांबूस रंग यायला त्याहून बरीच जास्त आणि कोरडी उष्णता लागते. म्हणून भाजणं आधी गॅसवर उरकायचं, आटवणं शेवटी गॅसवर, आणि मधले पाच तास भांड्याने फक्त मांस शिजवायचं.

खालची मापं साडेतीन लिटरच्या भांड्याची आहेत, चार-पाच माणसांना पुरतील अशी. भांडं अर्ध्यापेक्षा रिकामं नसावं आणि दोन तृतीयांशापेक्षा जास्त भरू नये. कमी भरलं तर कडेने करपतं, जास्त भरलं तर मधलं चिकन तापायलाच फार वेळ घेतं. परदेशातल्या मुलांनी अमेरिकेहून आणलेलं भांडं असेल तर आधी बुडावरची पट्टी वाचा. तिकडची भांडी ११० ते १२० व्होल्टची असतात, आपल्याकडे २३० व्होल्ट येतात. योग्य ट्रान्सफॉर्मरशिवाय लावलं तर ते जळतं. इलेक्ट्रिक प्रेशर कुकरला ‘स्लो कुक’चं बटण असतं, पण त्यात उष्णता फक्त बुडातून येते. तिथे जास्त उष्णतेची पातळी निवडा आणि तासभर जास्त धरा.

चिकन एक किलो, हाडासकट, कातडी काढलेलं. दुकानात लेग पीस आणि मांडी मागा, आणि तुकडे मोठे ठेवायला सांगा: तंगडी अख्खी, मांडीचे दोन. नेहमीचे करी कटचे बारीक तुकडे पाच तासांत हाडं सोडून देतात आणि मग रश्श्यात हाडांच्या किरच्या शोधत बसावं लागतं. ब्रेस्ट तर या पद्धतीला चालतच नाही. तंगडी आणि मांडीच्या मांसात स्नायूंना बांधून ठेवणारे चिवट धागे भरपूर असतात. सत्तर अंशांच्या वर बराच वेळ राहिले की ते विरघळतात आणि मांस रसरशीत लागतं, रश्श्यालाही अंग येतं. ब्रेस्टमध्ये हे धागे फार थोडे. तिथे स्नायू आकसतात, आतलं पाणी बाहेर पडतं आणि रश्श्यात बुडालेलं असूनही मांस भुशासारखं कोरडं लागतं. घरात बोनलेस ब्रेस्टच असेल तर ‘लो’वर, म्हणजे मंद पातळीवर, अडीच ते तीन तासांतच थांबा.

फ्रीझरमधलं चिकन गोठलेलं असताना कधीही यात टाकू नये. ५ ते ६० अंशांच्या मधल्या पट्ट्यात जंतू झपाट्याने वाढतात, आणि बर्फ झालेला तुकडा हा पट्टा ओलांडायला या मंद भांड्यात तासन् तास घेतो. आदल्या रात्री खालच्या कप्प्यात काढून ठेवा, पूर्ण सुटू द्या. मग पुसून कोरडं करा, दोन सपाट छोटे चमचे मीठ आणि अर्धा चमचा हळद चोळून अर्धा तास फ्रिजमध्ये ठेवा. दही किंवा कच्ची पपई लावू नका. पपईने मांस आधीच सैल होतं आणि पाच तासांनंतर त्याचा लगदा होतो.

आता वाटण. इंदूरच्या मराठी घरातलं कांदा-खोबऱ्याचं नेहमीचं वाटणच इथे चालतं, फक्त माळव्याची खसखस आणि बडीशेप त्यात हवीच. मंदसौर-नीमचकडे खसखस पिकते आणि इंदूरच्या सियागंज बाजारात ती ताजी मिळते. हातात घेऊन वास घ्या. खवट वास आला तर घेऊ नका, कारण तो रश्श्यात लपत नाही.

चार मध्यम कांदे, म्हणजे साधारण ४०० ग्रॅम, पातळ उभे चिरा. लोखंडी किंवा जाड बुडाच्या कढईत तीन मोठे चमचे तेल तापवून मध्यम आचेवर परता. पहिली सात-आठ मिनिटं कांदा नुसता पाणी सोडतो आणि आवाज फसफसता येतो. मग आवाज बदलतो, चुरचुर सुरू होते, आणि तिथून पुढे हलवत राहायचं. झाऱ्यावर उचललेला कांदा गोळा होऊन न पडता सुटा पडला आणि रंग बदामाच्या सालीसारखा झाला की तो झाला. एकूण पंधरा ते अठरा मिनिटं लागतात. गुलाबीवर थांबण्याचा मोह होतो, पण गॅसवरच्या रश्श्यात पुढे उकळी फुटते म्हणून ते खपून जातं. इथे कांदा ज्या रंगाचा जाईल त्याच रंगाचा राहील.

त्याच कढईत १२ ते १५ लसूण पाकळ्या आणि दीड इंच आलं परतून घ्या. कच्चा लसूण टोमॅटोच्या आंबटपणात मंद आचेवर राहिला तर कधीकधी हिरवट-निळा पडतो. खायला धोका नसतो, पण ताटात बघवत नाही. अर्धी वाटी किसलेलं सुकं खोबरं वेगळं, मंद आचेवर भाजा. दोन मोठे चमचे धणे, एक छोटा चमचा बडीशेप, एक छोटा चमचा जिरे, आठ मिरी आणि इंचभर दालचिनी कोरडी भाजा. लवंगा तीनच घ्या आणि मसाला वेलची एक. अख्खी लवंग आणि दालचिनी पाच तास रश्श्यात राहिली तर तिचा उग्रपणा वाढत जातो आणि शेवटी कडवटपणा येतो, म्हणून हे सगळं वाटणातच घाला, सुटं टाकू नका. तमालपत्र मात्र एक सुटं चालेल. जिरावणाची, म्हणजे पोह्यांवर भुरभुरायच्या इंदुरी मसाल्याची, बाटली हाताशी असली तरी इथे वापरू नका. त्यातल्या आमचूर आणि काळ्या मिठाने हा रस्सा बिघडतो.

हे सगळं शक्य तितक्या कमी पाण्यात गुळगुळीत वाटा. कढईत दोन टोमॅटोंची प्युरी घाला आणि तिचं पाणी पूर्ण आटून झाऱ्याची रेघ कढईत टिकेपर्यंत परता. मग वाटण घाला, तेल सुटू द्या. आच बंद करून दोन छोटे चमचे लाल तिखट मिसळा. निमाडची मिरची असेल तर आधी दीड चमचाच घालून पाहा. वाटण रात्री करून फ्रिजमध्ये ठेवलं तरी हरकत नाही, फक्त सकाळी ते गॅसवर परत उकळून घ्या. चिकन मात्र रात्री अर्धवट परतून ठेवू नका. अर्धं शिजलेलं, कोमट मांस रात्रभर ठेवणं हा आजारी पडण्याचा खात्रीचा मार्ग आहे.

सकाळी पोहे होईपर्यंत भांड्याचं काम होतं. आत कपभर कोमट पाणी घालून, झाकण लावून हायवर वीस मिनिटं तापवा आणि ते पाणी ओतून द्या. थंड चिनीमातीत उकळतं वाटण ओतलं तर तडा जातो, फ्रिजमधून काढलेलं भांडं सरळ तापत्या बुडावर ठेवलं तरी तेच. दुसऱ्या कढईत चमचाभर तेल कडक तापवून चिकनचे तुकडे पाच-पाच करून दोन्ही बाजूंनी दोन-दोन मिनिटं परता. गर्दी केली तर पाणी सुटतं आणि रंग येत नाही. त्याच कढईत १५० मिलीलीटर उकळतं पाणी घालून चिकटलेलं सगळं खरवडा. रश्श्याची चव तिथेच असते.

पाणी एवढंच पुरतं, विश्वास ठेवा. किलोभर चिकन स्वतःच बरंच पाणी सोडतं आणि इथलं काहीच उडून जात नाही. गॅसवरच्या सवयीने दोन वाट्या पाणी घातलं की रश्श्याचं सार होतं. बटाटे हवे असतील तर अर्धे करून तळाशी, कडेला टेकतील असे ठेवा. उष्णता तिथून येते, आणि या भांड्यात बटाट्याला चिकनपेक्षा जास्त वेळ लागतो. वर चिकन, त्यावर उकळतं वाटण आणि खरवडलेलं पाणी.

लोवर साडेचार ते पाच तास, हायवर अडीच ते तीन. दोन्ही शेवटी जवळपास त्याच तापमानाला पोहोचतात, फरक पोहोचण्याच्या वेगाचा आहे. मांडीसाठी लो बरा. हे भांडं ‘क्रॉक-पॉट’ नावाने १९७१ मध्ये अमेरिकेत बाजारात आलं आणि तिकडच्या पाककृतींत आठ-आठ तास लिहिलेले दिसतात, पण ते मोठ्या, अख्ख्या मांसासाठी. आपल्या तुकड्यांना ते चालत नाही. झाकण सारखं उघडू नका. प्रत्येक वेळी साठलेली उष्णता जाते आणि ती भरून यायला वीस ते तीस मिनिटं लागतात. साडेचार तासांनी एकदाच उघडून पाहा. थर्मामीटर असेल तर सर्वांत जाड तुकड्याच्या आत, हाडाला न लावता ७४ अंश दिसलेच पाहिजेत. मांडी ८५च्या पुढे जास्त चविष्ट लागते. ब्रॉयलरच्या हाडाजवळ कधी लालसर दिसतं. कोवळ्या हाडातला रंग झिरपतो तो, तापमान बरोबर असेल तर मांस कच्चं नाही.

आता रस्सा. चिकन ताटात काढून झाका. वरचं तेल डावेने हवं तेवढं काढा, पण सगळं नको, कारण तिखटाचा रंग त्यातच असतो. उरलेला रस्सा कढईत ओता आणि मोठ्या आचेवर आठ-दहा मिनिटं उकळू द्या. दोन मोठे चमचे खसखस अर्धा तास गरम पाण्यात भिजवून आठ काजूंबरोबर वाटून ठेवलेली असावी. कोरडी वाटली तर ती रवाळ राहते. ती आता घाला. सुरुवातीला घातली असती तर तळाला बसून कडेने लागली असती. तीन-चार मिनिटं ढवळत उकळा. डावेच्या मागच्या बाजूवर बोट फिरवलं आणि रेघ भरून आली नाही, म्हणजे दाटपणा जमला. खसखस नसेल तर एक मोठा चमचा कॉर्नफ्लोअर तीन चमचे थंड पाण्यात कालवून घाला, काम होईल, चव साधी राहील. दही आवडत असेल तर अर्धी वाटी दह्यात छोटा चमचा बेसन फेटा, त्यात आधी डावभर गरम रस्सा मिसळा आणि मंद आचेवर घाला. आधीपासून भांड्यात घातलेलं दही फाटतं.

मीठ आत्ताच चाखा. अर्धा चमचा गरम मसाला आणि कोथिंबीर शेवटी, कारण वाटलेल्या मसाल्याचा वास पाच तासांत उडून गेलेला असतो. चिकन परत सोडून दोन मिनिटं झाकून ठेवा. पोळीपेक्षा मक्याच्या भाकरीबरोबर हा रस्सा जास्त रंगतो.

झाबुआचा कडकनाथ, म्हणजे काळ्या मांसाची कोंबडी, ज्याला २०१८ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं, तो मिळाला तर हे भांडं खऱ्या अर्थाने कामी येतं. त्याचं मांस चिवट आणि कमी चरबीचं असतं, गॅसवर चामड्यासारखं राहतं. त्याला लोवर सात ते आठ तास द्या, पाणी २५० मिलीलीटर, तेल एक चमचा जास्त. मांस काळंच असतं, तेव्हा रंगावरून काही कळत नाही. चमच्याने दाबल्यावर हाडापासून सुटलं की झालं. मोठ्या गावरान कोंबडीलाही हाच हिशेब.

पावसाळ्यात मध्येच लाइट गेली आणि घरात कुणी असेल तर वाट पाहू नका, सगळं प्रेशर कुकरमध्ये काढून गॅसवर पूर्ण शिजवा. घरी कुणी नव्हतं आणि लाइट किती वेळ गेली होती हे माहीत नसेल तर ते चिकन टाकून द्या, वरून ठीक दिसलं तरी. ‘वॉर्म’वर दोन तासांपेक्षा जास्त ठेवलं की मांसाचे धागे सुटू लागतात. उरलेलं दोन तासांच्या आत, आणि मे महिन्यात पारा चाळिशीला टेकला असेल तर तासाभरात, उथळ डब्यात काढून फ्रिजमध्ये ठेवा. खोल चिनीमातीच्या भांड्यात ते मधून गार व्हायला फार वेळ घेतं. दुसऱ्या दिवशी गरम करताना स्लो कुकर नको, कढईत घेऊन चांगली खदखदती उकळी आणा.