जपानी ॲनिमेशनचे पार्श्वसंगीत: मुंबईत राहून तयारी

जपानी ॲनिमेशन मालिकेचे पार्श्वसंगीत बहुधा चित्र पूर्ण होण्याआधीच रचले जाते, ही गोष्ट अंधेरीच्या स्टुडिओत तयार दृश्यावर वाद्ये बसवण्याची सवय लागलेल्या संगीतकाराने प्रथम समजून घ्यावी. जपानमध्ये ध्वनिदिग्दर्शक ‘हुरहुर’, ‘पाठलाग’, ‘नेहमीची सकाळ’ अशी यादी देतो, संगीतकार त्यानुसार स्वतंत्र तुकडे रचतो आणि कोणता तुकडा कोठे वाजवायचा हे पुढे ध्वनिदिग्दर्शकच ठरवतो. चित्रपटाची रीत वेगळी, तेथे संगीत बहुधा ठरावीक दृश्यांसाठी रचले जाते. तरी १९८४ च्या ‘नौशिका’ या जपानी ॲनिमेशन चित्रपटासाठी संगीतकार जो हिसाइशी यांनी चित्रपटाआधीच कल्पनासंगीताचा, म्हणजे केवळ कथेच्या कल्पनेवरून रचलेल्या संगीताचा, अल्बम केला होता.

म्हणून सरावासाठी एखादी मराठी कथा घेऊन वीस भावांची यादी मित्राकडून लिहून घ्यावी (स्वतः लिहिल्यास आपण नकळत सोपेच भाव निवडतो) आणि प्रत्येक तुकडा असा बांधावा की तो संवादाखाली दबूनही ओळखू यावा, शिवाय मध्येच कापला तरी तुटल्यासारखा वाटू नये. शीर्षकगीत साधारण ९० सेकंदांचे असते. जपानी भाषेची जेएलपीटी परीक्षा मुंबईतही देता येते. टोकियोचे घड्याळ साडेतीन तास पुढे असल्याने तिकडच्या दहाच्या बैठकीला आपल्याला सकाळी साडेसहाला बसावे लागते.