बारावीनंतर मायक्रोबायोलॉजी: वर्गीकरण पाठ करण्याआधी

बारावीचा निकाल लागला की आमच्याकडे फोन सुरू होतात. "नीटचं काही जमलं नाही गं, पीसीबीला मार्क बरे आहेत, मायक्रो घेऊ दे का तिला?" फोन करणारे नात्यातले, नाहीतर गल्लीतले. त्यांना ऐकायच्या असतात दोनच गोष्टी: नोकरी लागते का, आणि ती सोलापुरात लागते का. त्याचं उत्तर खाली देते. पण मला आधी बोलायचंय ते त्या पोरीशी, कारण पहिल्याच वर्षी तिच्यापुढे सूक्ष्मजीवांचं वर्गीकरण येणार आणि तिथेच बरीच मुलं मनातून हा विषय सोडून देतात. मी सोलापुरातच बीएस्सी आणि एमएस्सी केलं, आता इथल्याच एका पॅथॉलॉजी लॅबमध्ये काम करते. कॉलेजात सगळ्यात रटाळ वाटणाऱ्या त्या धड्यावरच आज माझं रोजचं काम चालतं.

मुलं वैतागतात ते उगीच नाही. शाळेत व्हिटेकरच्या १९६९ च्या पाच सृष्टी घोकलेल्या असतात: मोनेरा, प्रोटिस्टा, कवके, वनस्पती, प्राणी. कॉलेजात आलं की सर सांगतात, आता तीन डोमेन: बॅक्टेरिया, आर्किया, युकॅरिया. कार्ल वूझ आणि जॉर्ज फॉक्स यांनी १९७७ मध्ये रायबोसोमच्या आरएनएची तुलना करून दाखवलं, की दिसायला बॅक्टेरियासारखेच असणारे, मिथेन तयार करणारे काही जीव मुळात वेगळ्याच घराण्यातले आहेत. १९९० मध्ये त्यावरून तीन डोमेनची मांडणी झाली. एवढं पचतं न पचतं तोवर पॅरासाइटॉलॉजीचा, म्हणजे परजीवींचा पेपर येतो, आणि तिथे अजून प्रोटोझोआ (एकपेशीय), सेस्टोड (पट्टकृमी), ट्रेमाटोड (पर्णकृमी), नेमाटोड (गोलकृमी) हेच जुने गठ्ठे. मग यातलं खरं कुठलं?

परीक्षेपुरतं उत्तर सोपं आहे: ज्या पेपरला जे शिकवलंय ते लिहा. पण मनात हेही असू द्या, की प्रत्येकाने आपल्या हातात असलेल्या साधनाने गट पाडले. हेकेलने १८६६ मध्ये प्रोटिस्टा हा गट केला तेव्हा त्याच्या हाताशी मायक्रोस्कोप होता, वूझच्या हाताशी आरएनए. सकाळी नमुने यायला लागले की माझ्या टेबलावर मायक्रोस्कोपच असतो. म्हणून दवाखान्याचं पुस्तक जुन्या गठ्ठ्यांवर चालतं, त्यात मागासलेपण काही नाही.

पुस्तक उघडण्याआधी पाणी बघा. कंबर तलावाच्या कडेचं, शेवाळाजवळचं पाणी बाटलीत आणून एक थेंब स्लाइडवर घ्यायचा. पॅरामिशियम, व्हॉर्टिसेला, डायटम, हिरवी युग्लिना असं काही ना काही सापडतंच. रोटिफर दिसला की नवी मुलं त्यालाही प्रोटोझोआ म्हणून मोकळी होतात. तो पॅरामिशियमएवढाच दिसतो, पण बहुपेशीय प्राणी आहे, त्याला चक्क जबडा असतो. आकारावरून गट ठरवायची सवय तिथेच मोडते. युग्लिनाकडे जरा जास्त वेळ बघा. ती हिरवी आहे, उजेडाकडे पोहत जाते, म्हणून वनस्पतीवाले आणि प्राणीवाले दोघंही तिच्यावर हक्क सांगत होते. आजच्या मांडणीत तिचे नातलग म्हणजे काळा आजार करणारा लीशमानिया आणि झोपेचा आजार करणारा ट्रिपॅनोसोमा.

त्याच पाण्यात कधीकधी सायक्लॉप्स हा इवलासा कवचधारी प्राणी झटके देत पळताना दिसतो, एकच डोळा असलेला. घरी कुणी म्हातारं माणूस असेल तर त्यांना नारू या कृमीच्या रोगाबद्दल विचारा. पायऱ्यांच्या विहिरीत उतरून पाणी भरायचं, त्या पाण्यातून हा सायक्लॉप्स पोटात जायचा, त्याच्या आत नारूची अळी. वर्षभराने पायातून हातभर लांब कृमी बाहेर यायचा आणि काडीला गुंडाळत गुंडाळत काढावा लागायचा. देशातला शेवटचा रुग्ण १९९६ मध्ये राजस्थानात सापडला आणि २००० मध्ये भारत नारूमुक्त जाहीर झाला. त्यासाठी ना लस होती ना खास औषध. मुख्यतः पाणी गाळून पिणं आणि पायऱ्यांच्या विहिरी बंद करणं, यावर झालं. परजीवीचं जीवनचक्र पाठ का करायचं, याचं याहून चांगलं उत्तर मला माहीत नाही.

मी नव्या मुलांना सांगते, गटाचं नाव वाचलं की लगेच विचारायचं: याच्यावर कुठलं औषध चालेल आणि का? पेनिसिलिन बॅक्टेरियाची भिंत बांधू देत नाही. मायकोप्लाझ्माला भिंतच नाही, तिथे पेनिसिलिन फुकट. बुरशीवरची बरीच औषधं तिच्या पेशीपटलातल्या अर्गोस्टेरॉल नावाच्या घटकावर घाव घालतात. बॅक्टेरियात ते नसतंच. असं वाचलं की तक्ता आपोआप डोक्यात बसतो.

हे मला कॉलेजपेक्षा सांगोल्याच्या मामांनी जास्त पक्कं शिकवलं. मामांची डाळिंबाची बाग. एका पावसाळ्यात फळांवर, पानांवर तेलकट काळे डाग. मी मोठ्या उत्साहाने झँथोमोनास वगैरे सुरू केलं तर म्हणाले, "पोरी, तुझं ते विंग्रजी नाव राहू दे. काय फवारू ते सांग." बरोबरच होतं त्यांचं. तेल्या हा बॅक्टेरियाचा रोग. त्याच बागेत झाडं मर रोगाने वाळतात ती बहुतेकदा सेराटोसिस्टिस या बुरशीमुळे. आणि मुळांवर गाठी दिसल्या तर ते काम मेलॉइडोगायनी या सूत्रकृमीचं, म्हणजे प्राण्याचं. बाग एक, बांध एक, आणि तीन रोगकर्ते सजीवसृष्टीच्या तीन वेगळ्या गटांतले. दुकानदार मात्र तिन्हीला एकच डबा काढून देतो.

तेल्या आहे की बुरशीचा डाग, हे बघायची एक साधी रीत आहे, बीएस्सीच्या पोरांनी जरूर करावी. डागाच्या कडेचा, निम्मा हिरवा निम्मा काळपट असा पानाचा तुकडा ब्लेडने कापायचा. स्लाइडवर स्वच्छ पाण्याचा थेंब, त्यात तुकडा, वर कव्हरस्लिप. दहाचं ऑब्जेक्टिव्ह लावायचं, उजेड कमी करायचा आणि कापलेल्या कडेवर नजर ठेवायची. बॅक्टेरिया असतील तर त्या कडेतून चुलीच्या धुरासारखा लोट पाण्यात पसरताना दिसतो. बुरशीच्या डागातून असं काही निघत नाही. एवढ्यावर फवारणी ठरवायची नाही. सोलापूरला केगावला राष्ट्रीय डाळिंब संशोधन केंद्र आहे, नमुना तिकडे न्यायचा. मामांना मी तिकडेच पाठवलं.

द्राक्षवाल्यांचं तर याहून मजेशीर. केवडा आणि भुरी, दोन्हीला ते बुरशीच म्हणतात. भुरी खरोखरच बुरशी आहे. केवड्याचा प्लास्मोपॅरा मात्र दिसतो बुरशीसारखा, पण त्याची भिंत प्रामुख्याने सेल्युलोजची आणि नातं डायटम नि तपकिरी शैवालांशी. अर्गोस्टेरॉल तो स्वतः तयारच करत नाही. म्हणून हेक्झाकोनॅझोलसारखी भुरीवर लागू पडणारी औषधं केवड्यावर चालत नाहीत, आणि केवड्यावरच्या मेटॅलॅक्झिलचा भुरीवर उपयोग नाही. आमच्या लॅबमध्ये शौचाच्या नमुन्यात गोल गोल ब्लास्टोसिस्टिस दिसतो. त्याला एकेकाळी यीस्ट समजत, मग प्रोटोझोआत घातला. आता तो स्ट्रॅमिनोपाइल या गटात आहे. केवडाही त्याच गटातला! द्राक्षाच्या पानावरचा आणि माणसाच्या पोटातला, दोघे लांबचे भाऊबंद.

गटावरून औषध ठरतं हा नियम सगळीकडे लागू पडतो असंही नाही. न्यूमोसिस्टिस या फुप्फुसातल्या जीवाला कित्येक वर्षं प्रोटोझोआ मानत होते. १९८८ मध्ये आरएनएवरून कळलं की ती बुरशी आहे. पण तिच्यात अर्गोस्टेरॉल नाही, त्यामुळे बुरशीवरची नेहमीची औषधं चालत नाहीत आणि अजूनही कोट्रायमोक्साझोलच देतात. एक्स्टर्नल परीक्षक चांगला असेल तर व्हायवात हमखास इथेच पकडतो.

आता लॅबमधलं. शौचाची तपासणी हे काम सगळ्यांना नको असतं. नवीन आलेल्या मुलाला मित्रांकडून "काय बे, हेच शिकायला गेलता का कॉलेजात?" असं ऐकून घ्यावं लागतं. पण वर्गीकरण खरं कुठे कळत असेल तर याच टेबलावर. स्लाइडच्या एका टोकाला सलाइनचा थेंब, दुसऱ्या टोकाला आयोडीनचा, दोन्हीत काडीच्या टोकावर येईल एवढा नमुना मिसळायचा. थर इतका पातळ हवा की खालच्या छापील कागदावरची अक्षरं वाचता यावीत. कंडेन्सर खाली घ्यायचा. भगभगीत उजेडात सिस्ट, म्हणजे परजीवीची कवचबंद अवस्था, बघायला जाल तर काहीच दिसणार नाही. हालचाल सलाइनमध्ये दिसते, केंद्रकं आयोडीनमध्ये. एंटामिबा हिस्टोलिटिकाच्या पक्व सिस्टमध्ये चार केंद्रकं, निरुपद्रवी एंटामिबा कोलायमध्ये आठ. आणि हो, ही ई. कोलाय वेगळी, एशेरिशिया कोलाय वेगळी. एक अमिबा, दुसरा बॅक्टेरिया. पेपरात नाव पूर्ण लिहा.

चार केंद्रकं दिसली तरी लगेच औषधाची घाई नाही. एंटामिबा डिस्पार नावाचा निरुपद्रवी अमिबा आहे, त्याची सिस्ट हुबेहूब तशीच. हे दोन वेगळे आहेत हे १९९३ मध्ये मान्य झालं, पण मायक्रोस्कोपला ते आजही कळत नाही, म्हणून रिपोर्टमध्ये दोन्ही नावं लिहितात. अमिबाच्या पोटात तांबड्या पेशी गिळलेल्या दिसल्या तर मात्र संशय हिस्टोलिटिकावर. त्यासाठी पातळ शौच अर्ध्या तासाच्या आत बघावं लागतं. आमच्याकडे मे महिन्यात डबी उन्हातून फिरून येते तेव्हा आत काय उरलेलं असतं ते विचारू नका. नमुना कसा आणि किती वेळात आणायचा हे समजावून सांगणं हेही कौशल्य आहे, आणि सोलापुरात ते मराठीबरोबर तेलुगू, कन्नड आणि दखनीत जमलं तर सोनंच. शहराच्या पूर्व भागातल्या आजींना मी मोडक्या तेलुगूत सांगते; त्या हसतात, पण नमुना वेळेवर येतो.

मलेरियाच्या स्लाइडवर तर प्रजाती ओळखण्यालाच किंमत. व्हायवॅक्समध्ये तांबडी पेशी फुगलेली, तिच्यात बारीक ठिपके. फॅल्सिपॅरममध्ये पेशी नेहमीच्याच आकाराची, एकाच पेशीत परजीवीच्या दोन-तीन नाजूक रिंगा, आणि गॅमेटोसाइट (परजीवीची लैंगिक अवस्था) केळ्याच्या आकाराचे. व्हायवॅक्स यकृतात दडून राहतो आणि महिन्यांनी परत उठतो, म्हणून त्याला प्रायमाक्विनचा चौदा दिवसांचा कोर्स लागतो. फॅल्सिपॅरमचे उपचार वेगळे आणि घाई जास्त. जाड स्मिअर (काचेवर पसरलेला रक्ताचा थर) मिथेनॉलने फिक्स करायचा नाही, पातळ स्मिअर करायचा. हे परीक्षेतही विचारतात आणि नोकरीच्या मुलाखतीतही.

२०२१ मध्ये कोविडनंतरच्या काळ्या बुरशीच्या साथीत नाकातले, सायनसमधले नमुने केओएच (पोटॅशियम हायड्रॉक्साइड) घालून बघायला येत तेव्हा हाच धडा अगदी जिवावरचा झाला. रुंद, जवळजवळ आडपडदे नसलेले, काटकोनात फुटणारे तंतू म्हणजे म्यूकर. अरुंद, आडपडद्यांचे, लघुकोनात फुटणारे म्हणजे ॲस्परजिलस. ॲस्परजिलसवर व्होरिकोनॅझोल चालतं, म्यूकरवर चालत नाही, तिथे ॲम्फोटेरिसिन लागतं. कल्चर वाढायला दिवस जातात. पहिल्या तासाचा निर्णय त्या तंतूंच्या रुंदीवर.

आता नोकरीचं. नुसत्या बीएस्सीवर सोलापुरात मिळणारा पगार सुरुवातीला कमीच असतो, खोटं कशाला सांगू. पॅथॉलॉजी लॅबमध्ये जायचं पक्कं असेल तर डीएमएलटी (लॅब टेक्निशियनचा डिप्लोमा) जोडून घ्या, आणि रिपोर्टवर सही पॅथॉलॉजिस्ट डॉक्टरांची असते हे आधीपासून माहीत असू द्या. जिल्ह्यात साखर कारखाने भरपूर आहेत. शिळ्या उसाच्या रसात ल्यूकोनॉस्टॉक वाढून डेक्स्ट्रान तयार होतं, डिस्टिलरीत यीस्ट सांभाळावं लागतं, सांडपाण्याची तपासणी असते. पण हंगामी आणि कायम नोकरी यातला फरक विचारून घ्या. औषध कंपन्यांच्या क्यूसी (गुणवत्ता तपासणी) विभागात जायचं तर पुणे किंवा हैदराबाद. संशोधनाकडे ओढा असेल तर हुतात्मा एक्स्प्रेस पकडून एकदा पुण्याला जाऊन या: आघारकर संस्थेत बुरशींचा राष्ट्रीय संग्रह आहे, एनसीएल या राष्ट्रीय रासायनिक प्रयोगशाळेत औद्योगिक सूक्ष्मजीवांचा.

ॲडमिशन घेण्याआधी कॉलेजची प्रॅक्टिकल लॅब बघू द्या म्हणून सरळ विचारा. एका मायक्रोस्कोपवर किती मुलं बसतात, शंभरच्या लेन्सवर जुनं तेल वाळलेलं तर नाही ना, ऑक्युलर मायक्रोमीटर (भिंगात बसवायची मोजपट्टी) आहे का, हे बघा. दहा मायक्रोमीटरच्या आत-बाहेर एवढ्या फरकावर एंटामिबाची प्रजाती बदलते, त्यामुळे मोजायला शिकवत नसतील तर निम्मं शिक्षण गेलं. जर्नलमधल्या आकृत्या मागच्या वर्षीच्या जर्नलवरून उतरवतात का, हे सीनिअर्सना विचारा. उतरवत असतील तर भिंगाखाली जसं दिसतं तसं काढायला एक वेगळी वही पहिल्या आठवड्यापासूनच ठेवा.