डीएलएल आणि एसओ यांच्यामध्ये: रबाळ्यातली पहिली दोन वर्षं

रबाळे एमआयडीसीतल्या एका छोट्या कंपनीत मी रुजू झाले, तेव्हा पहिल्याच आठवड्यात माझ्याकडे दोन फाइल्स आल्या. एक डॉट डीएलएल, दुसरी डॉट एसओ. दोन्ही लायब्ररी, म्हणजे दुसऱ्या प्रोग्रामने हाक मारून वापरायचा तयार कोड; पहिली विंडोजसाठी, दुसरी लिनक्ससाठी. ट्रकच्या वजनकाट्याला जो इंडिकेटर असतो, तो बनवणाऱ्यांनी दिलेल्या. दोन्हींचं काम एकच: गाडी काट्यावर उभी राहिली की पावती क्रमांक, वजन आणि गाडीचा नंबर आमच्या प्रोग्रामच्या हातात द्यायचा. प्रोग्राम सी-शार्पमधला, विंडोजवर बरीच वर्षं बिनतक्रार चाललेला. आता एका गिऱ्हाइकाला काट्याच्या केबिनमध्ये लिनक्सची छोटी पेटी हवी होती. मला सांगण्यात आलं, डीएलएलच्या जागी एसओ ठेवायची, बाकी सगळं तेच.

या क्षेत्रात नव्याने येणाऱ्यांसाठी लिहिते आहे, म्हणून पुढे काय झालं ते सविस्तर सांगते.

प्रोग्राम सुरू झाला. पावती क्रमांक बरोबर आला. वजन शून्य. गाडीच्या नंबरात ‘एमएच ४३’ दिसायला हवं होतं, तिथे एक मोडका चौकोन आणि त्यापुढे ७. मधूनच प्रोग्राम बंदही पडायचा, कधी दहाव्या गाडीला, कधी चाळिसाव्या. मी दोन दिवस केबल, पोर्ट, परवानग्या हेच तपासत होते. तिसऱ्या दिवशी आमच्या मॅडम शेजारी येऊन बसल्या आणि म्हणाल्या, “अगं, अंदाज बांधू नकोस. पलीकडून बाइट काय येतायत ते आधी कागदावर काढ.”

काढले. काट्यावर १४३२० किलोची गाडी होती. हेडर फाइलमध्ये, म्हणजे लायब्ररीतली फंक्शनं आणि माहितीची रचना सांगणाऱ्या फाइलमध्ये, पावती आणि वजन दोन्ही ‘लाँग’ म्हणून लिहिलेले, त्यानंतर गाडीच्या नंबरासाठी १६ अक्षरं. चौसष्ट बिटांच्या विंडोजवर सीमधला ‘लाँग’ ४ बाइटांचा असतो, चौसष्ट बिटांच्या लिनक्सवर ८ बाइटांचा. आमचा सी-शार्प कोड विंडोजकडे बघून लिहिलेला, त्यामुळे तो दोन्हीकडे ४-४ बाइटच वाचत होता. लहान बाजू आधी, अशी मांडणी असल्यामुळे पावतीचे पहिले चार बाइट बरोबर निघाले. पुढच्या चारांत पावतीचाच रिकामा वरचा भाग होता, म्हणून वजन शून्य. आणि गाडीचा नंबर समजून आम्ही जे वाचत होतो ते खरं वजन होतं! १४३२० सोळाच्या पायात लिहिलं की ३७एफ० होतं. मेमरीत ते एफ०, मग ३७ असं पडतं. एफ० म्हणजे तो मोडका चौकोन. ३७ हा अक्षरांच्या तक्त्यात ‘७’ या आकड्याचा क्रमांक आहे.

बंद पडण्याचं कारणही त्याच कागदावर सापडलं. विंडोजच्या हिशेबाने ही सगळी रचना २४ बाइटांची, लिनक्सच्या हिशेबाने ३२. आम्ही २४ बाइटांची जागा देत होतो आणि लायब्ररी त्यात ३२ बाइट लिहीत होती. जास्तीचे आठ बाइट शेजारच्या मेमरीवर पडत. तिथे त्या वेळी काही महत्त्वाचं असेल तर प्रोग्राम कोसळणार, नसेल तर चालत राहणार.

उपाय अगदी छोटा होता. त्यांच्याच हेडर फाइलला धरून सीमध्ये एक पातळ रॅपर लायब्ररी, म्हणजे त्यांच्या लायब्ररीवरचं वेष्टन, लिहिली, जी बाहेर फक्त ठरावीक मापाचे आकडे देते: ‘लाँग’च्या जागी ३२ बिट म्हणजे ३२ बिटच, मग सिस्टिम कुठलीही असो. सीच्या १९९९च्या प्रमाणापासून ही ठरावीक मापाची नावं उपलब्ध आहेत. लायब्ररीच्या दारातून ‘लाँग’ कधी बाहेर काढू नये, असं माझं तेव्हापासून ठाम मत आहे.

दोन सिस्टिम्समधला पूल म्हणजे ती फाइल, असं कॉलेजातून येताना मला वाटत होतं. खरा पूल म्हणजे दोन्ही बाजूंनी पाळायचा करार: किती बाइट, कुठल्या क्रमाने, मेमरी कोणी घ्यायची आणि कोणी सोडायची. ॲप्लिकेशन बायनरी इंटरफेस, याच्या इंग्रजी आद्याक्षरांवरून त्याला एबीआय म्हणतात. प्रोसेसर एकच असला तरी हा करार वेगळा असतो. चौसष्ट बिटांच्या इंटेलवर विंडोज फंक्शनचा पहिला आकडा आरसीएक्स या रजिस्टरमध्ये (प्रोसेसरच्या आतल्या छोट्या कप्प्यात) ठेवतं, लिनक्स आरडीआयमध्ये. म्हणून डीएलएल उचलून लिनक्सवर टाकली, नाव बदललं, तरी काही होत नाही. फाइलची बांधणीही निराळी: विंडोजची पीई, लिनक्सची ईएलएफ, मॅकची मॅक-ओ.

हा करार कोणीतरी दुसऱ्या बाजूला उभं राहून पूर्ण पाळला तर काय होतं, ते बघायचं असेल तर लिनक्सवर विंडोजचे प्रोग्राम चालवणाऱ्या वाइनचा अभ्यास करा. १९९३पासून चाललेलं हे काम आहे, १.० आवृत्ती २००८ साली आली. वाइन विंडोजची नक्कल करणारं यंत्र उभारत नाही. कर्नल३२, युजर३२ अशा डीएलएल त्यांनी स्वतः नव्याने लिहिल्या आहेत. विंडोजचा प्रोग्राम त्यांना हाक मारतो आणि त्या लिनक्सकडून काम करून घेतात. सायग्विनमध्ये नेमकं उलट. तिथे सायग्विन१ नावाची एकच डीएलएल विंडोजवर बसून युनिक्सचं वागणं पुरवते. मी ठाणे-पनवेल लोकलमध्ये उभ्याने वाइनच्या डीएलएलचा सोर्स मोबाइलवर वाचायचे. एखादं विंडोजचं फंक्शन आतून काय करतं, ते इतक्या स्वच्छपणे दुसरीकडे क्वचितच दिसतं.

दुसरी अडचण पहिल्याच महिन्यात येईल म्हणून सांगून ठेवते. माझ्या लॅपटॉपवर उबुंटू या लिनक्सची २२.०४ आवृत्ती होती, गिऱ्हाइकाच्या पेटीत २०.०४. मी बिल्ड केलेलं रॅपर तुर्भ्याला जाऊन बसवलं आणि स्क्रीनवर आलं: जीलिबसी २.३४ सापडत नाही. जीलिबसी ही लिनक्सची मूळ सी लायब्ररी, ती प्रत्येक फंक्शनवर आवृत्तीचा शिक्का मारते. नव्या सिस्टिमवर बांधलेली फाइल नवा शिक्का मागते आणि २०.०४मध्ये २.३१ आहे. जुन्यावर बांधलेलं नव्यावर चालतं, उलटं होत नाही. आता आम्ही गिऱ्हाइकांकडे असलेल्या सगळ्यात जुन्या उबुंटूच्या कंटेनरमध्येच, म्हणजे आपल्याच मशीनवरच्या त्या उबुंटूच्या वेगळ्या कप्प्यात, बिल्ड करतो.

‘फाइल शेजारीच आहे, तरी सापडत नाही’ हाही रोजचा प्रकार. विंडोज आधी प्रोग्रामच्याच फोल्डरमध्ये डीएलएल शोधतं. लिनक्स आपणहून तिथे बघत नाही, त्याला आरपाथने (फाइलमध्येच लिहून ठेवलेला शोधायचा रस्ता) किंवा एलडीकॉन्फिगने (सिस्टिमची लायब्ररींची यादी ताजी करणारी आज्ञा) सांगावं लागतं. शिवाय लिनक्सला फाइलच्या नावातल्या इंग्रजी अक्षरांचं लहानमोठेपण कळतं. लिनक्सवर एलडीडी (फाइलला कुठल्या लायब्ररी लागतात ते दाखवतं) आणि एनएम (आतल्या फंक्शनांची नावं दाखवतं), विंडोजवर अशाच कामाचं डम्पबिन, एवढी तीन हत्यारं हाताशी असली की असे बहुतेक गुंते अर्ध्या तासात सुटतात. फक्त अनोळखी फाइलवर एलडीडी चालवू नका, त्यातला कोड चालण्याचा धोका असतो. तिथे ऑब्जडम्प वापरा.

मेमरीबद्दल एकच सांगते. ज्या लायब्ररीने जागा घेतली, तिनेच ती सोडावी. विंडोजवर दोन डीएलएल वेगवेगळ्या रनटाइमने (सीच्या मूळ लायब्ररीच्या वेगळ्या आवृत्त्यांनी) बांधलेल्या असतील तर त्यांचे मेमरीचे साठे वेगळे असू शकतात, आणि एकाची जागा दुसऱ्याने सोडली की गोंधळ ठरलेला. म्हणून लायब्ररीत ‘घे’ असं फंक्शन दिलं की ‘सोड’ही द्यायचं.

अलीकडे आमच्याकडे मुलाखतीला येणाऱ्यांना मी फंक्शनच्या व्याख्या विचारत नाही. एक शब्द देते: ठाणे. ही स्ट्रिंग लायब्ररीतून पलीकडे पाठव आणि किती बाइट गेले ते सांग. ठ, काना, ण, मात्रा असे चार कोडपॉइंट, म्हणजे युनिकोडने दिलेले चार क्रमांक. यूटीएफ-८मध्ये १२ बाइट, विंडोजच्या रुंद अक्षरांत (सीमधला wchar_t हा प्रकार) ८, लिनक्सच्या रुंद अक्षरांत १६. तुम्हीही घरी दोन फंक्शनांची एक लायब्ररी लिहा, दोन्ही सिस्टिम्सवर बांधा आणि हाच शब्द तिच्यातून पाठवून बघा. बाइट छापा, कागदावर मांडा, मोजा. मुलाखतीला येताना तो कागद सोबत आणलात तर मला आवडेल.