प्रेअरीतल्या छोट्या गावाची लोकसंख्या कशी काढायची (आणि कुठे फसायला होतं)

कॅनडाच्या प्रेअरीत (सपाट गवताळ मैदानी प्रदेशात), सास्कॅचेवान प्रांतातल्या एखाद्या एवढ्याशा गावात किती माणसं राहतात हे बघायला गेलं की दोन मिनिटांत आकडा मिळतो. पण तो आकडा नक्की कशाचा आहे हे बघायचं राहून जातं आणि सगळी गडबड तिथेच होते.

पहिलं म्हणजे हद्द. गाव म्हटलं की आपल्या डोक्यात गावठाण आणि शिवार दोन्ही एकत्र येतं, तिकडे तसं नाही. तिकडचं 'व्हिलेज' म्हणजे निव्वळ गावठाण, चार-पाच रस्ते, घरं, पोस्ट, असलंच तर एखादं दुकान. भोवतालचं शिवार म्हणजे 'रूरल म्युनिसिपालिटी', तिला सगळे आरएम म्हणतात, तिची कौन्सिल वेगळी आणि माणसंही वेगळी मोजतात. त्यात नावं सारखी असली की बघायलाच नको, उदा. वाल मारी नावाचं व्हिलेज आहे आणि त्याच्या भोवती वाल मारी नंबर 17 नावाचं आरएम. त्यामुळे स्टॅटिस्टिक्स कॅनडाच्या (सरकारी आकडेवारी खात्याच्या) साइटवर सेन्सस प्रोफाइलमध्ये, म्हणजे जनगणनेच्या पानावर, नाव टाकलं की आधी प्रकार बघा, व्हिलेज लिहिलंय की रूरल म्युनिसिपालिटी. नावापुढे नंबर दिसला तर समजा ते शिवार आहे.

पत्त्यावरून अंदाज बांधू नका. शेतावर राहणाऱ्याचं पोस्ट गावातलंच असतं, पोस्टल कोडही तोच, पण सेन्ससमध्ये तो माणूस आरएमच्या खात्यात जातो. हटराइट लोकांच्या (एकत्र राहून सामायिक शेती करणारा ख्रिस्ती पंथ) कॉलन्यापण शिवारातच असतात, म्हणून कधीकधी गाव आटत चाललंय आणि आरएम मात्र भरलेलं असं चित्र दिसतं.

आता तुलना. सेन्सस दर 5 वर्षांनी होतो, 2011, 2016, 2021 असा. टक्केवारी मात्र आधी बघूच नका, सरळ माणसं मोजा. समजा 40 चे 46 झाले, तर टेबलात 15 टक्के वाढ दिसणार आणि कुणीतरी लगेच 'झपाट्याने वाढणारं गाव' म्हणून मोकळं होणार, प्रत्यक्षात एक कुटुंब राहायला आलेलं असतं बस. 2016 च्या आकड्यापुढे ए अक्षर असेल तर मधल्या काळात हद्द बदलल्यामुळे तो जुना आकडा नव्या हद्दीनुसार दुरुस्त करून दिलाय असं समजायचं.

घरांच्या दोन ओळी असतात त्या नक्की बघा, मला विचाराल तर लोकसंख्येपेक्षा जास्त त्याच बोलतात. एकूण घरं किती आणि नेहमी राहणारी माणसं असलेली किती. फरक मोठा असेल तर घरं रिकामी पडलीयेत किंवा कुणी फक्त सुट्टीपुरतं येतं. हिवाळ्यात अमेरिकेतल्या उबदार ऍरिझोनाला जाऊन राहणारे म्हातारे-म्हाताऱ्या मात्र गावातच मोजले जातात कारण मोजणी नेहमीच्या राहत्या घरावर होते.

वयाच्या रकान्यात शून्य दिसलं म्हणून गावात एकही मूल नाही असं समजू नका. माणसं ओळखू येऊ नयेत म्हणून ते आकडे 5 च्या पटीत करून टाकतात, त्यामुळे बेरीजही जुळत नाही, ती जुळवत बसण्यात वेळ घालवू नका. दर चौरस किलोमीटरची घनताही सोडून द्या, हद्द घरांना चिकटून काढलेली असते त्यामुळे ओसाड गावपण कागदावर दाट वस्तीचं दिसतं.

जुने आकडे हवे असतील तर प्रेअरी प्रांतांचं एक बरं आहे, 1906 पासून 1946 पर्यंत तिथे दर 10 वर्षांनी मधल्या वर्षात जादा सेन्सस व्हायचा, म्हणजे 1911 आणि 1921 च्या मध्ये 1916 चाही मिळतो. बहुतेक गावं रेल्वेमुळे झाली, घोडागाडीने धान्य नेऊन दिवसात परत येता यावं इतक्या अंतरावर स्टेशन आणि लाकडी एलेव्हेटर, म्हणजे धान्याचं उंच कोठार. ग्रँड ट्रंक पॅसिफिक या रेल्वे कंपनीने तर नावंच ABCD च्या क्रमाने ठेवली, क्विंटन, रेमोर, सेमन्स, टेट, उंडोरा, व्हेन, वॉट्रस, झीना (Xena), यंग, झेल्मा. यातली रेमोर आणि वॉट्रस आज टाउन आहेत (त्याला 500 माणसं लागतात), सेमन्स आणि यंग व्हिलेजच राहिली.

प्रांताचा आकडा शेजारी ठेवून बघा. 1936 ला सास्कॅचेवानमध्ये 9 लाख 31 हजार लोक होते, 1951 ला 8 लाख 31 हजार. दुष्काळ, युद्ध, मग ट्रॅक्टर आणि मोठी शेतं. 2021 ला 11 लाख 32 हजार झाले खरे, पण त्यातले निम्मे सास्काटून आणि रेजायना या दोन शहरांच्या पट्ट्यात.

आणि शोधूनही गाव सापडलंच नाही तर? बहुतेक कौन्सिल बरखास्त होऊन ते आरएममध्ये मिसळलेलं असतं. व्हिलेजच्या यादीतून नाव जातं, माणसं आरएमच्या आकड्यात जातात. मग 'डेझिग्नेटेड प्लेस' या प्रकारात शोधा, बऱ्याच जुन्या गावांचा वेगळा आकडा तिथे अजून मिळतो. तो मिळाला की आरएमच्या आकड्यात पुन्हा मिळवू नका, तो आधीच त्यात धरलेला असतो.